सर्जेरावांच्या पिक्चरमधलं लग्न

पिंपळीच्या सर्जेरावांची वांगी बारामतीच्या बाजारात हातोहात खपायची. तेवढ्यावर गड्यानं सुखी राहायला हरकत नव्हती. पण इंदापुरात तंबूतला सिनेमा बघितला आणि निर्माता व्हायचं खूळ जे डोक्यात शिरलं, ते काही केल्या निघेना. चोपन्न सालच्या उन्हाळ्यात पठ्ठ्यानं जवळजवळ सगळा पिक्चर करून दाखवला, हे मात्र कबूल करायला हवं. राहिलं होतं ते शेवटचं लग्न. कोल्हापूरचे कॅमेरेवाले दिवस मावळला की निघणार होते, ते पुन्हा येणार नव्हते. लग्न हुकलं तर पिक्चर बुडाला.

मांडव घातला, वाजंत्री आली. सर्जेरावांनी घरोघर फिरून गावाला रीतसर बोलावणं केलं आणि तिथंच घोटाळा झाला. गाव नटूनथटून लग्नालाच आलं. भटजी खरे, मंगलाष्टका खऱ्या. नायक-नायिका अंतरपाटाआड उभे राहिले, ‘सावधान’ झालं, अक्षता पडल्या, आणि कॅमेरेवाले कपाळाला हात लावून खाली बसले.

“सगळं गाव नवरानवरी सोडून माझ्या भिंगात बघतंय. परत घ्या.”

“परत काय?” म्हाताऱ्या दगडाबाईनं विचारलं. गावातल्या कुठल्याही लग्नात तिचाच शब्द शेवटचा.

“अक्षता टाका परत.”

“अरं, लगीन लागलं की बाबा! लागल्याल्या जोडप्यावर परत अक्षदा? आमाला कशाला पापात पाडतो?”

मुठी मिटल्या त्या मिटल्याच. हे लग्न खोटं आहे, असं सर्जेराव काकुळतीला येऊन सांगू लागले, तर भटजीच फुरंगटले. “मी खोटी लग्नं लावत नाही.” हे ऐकून नायकाला घाम फुटला. त्याची बायको कोल्हापुरात होती. कुणाचं लक्ष नाही असं बघून तो मांडवाबाहेर सटकला.

शेवटी गावच्या थोरल्या तात्याबांनी तोड काढली. “काडीमोड करा हितंच, आन् लावा की दुसऱ्यांदा.”

“काडीमोड झाल्यालीचं लगीन न्हाय लागत, पाट लागतो,” दगडाबाई म्हणाली. “त्यो बी रातच्याला. वाजंत्री न्हाय, अक्षदा न्हाय.”

बोलली आणि तिनं जीभ चावली. समोरच सर्जेरावांची बायको शकुबाई उभी होती. शकुबाई आधी विधवा होती. सर्जेरावांनी तिच्याशी पाट लावला तो असाच, अंधारात, चार माणसांत.

शकुबाई पुढं झाली. “मग मला हुभी करा की. माझ्यावर कुठं पडल्यात अक्षदा?”

“पहिल्या लग्नात पडल्या असतील,” कुणीतरी पुटपुटलं.

“तवा मी आत्याच्या कडंवर झोपल्याली.”

कॅमेरेवाले घाईघाईनं म्हणाले, “लांबून पाठमोरं घेतो. चालेल. नवरा कुठाय?” नवरा पळालेला. मग बाशिंग सर्जेरावांनाच बांधलं.

दगडाबाईनं सगळ्यांच्या आधी अक्षतांची मूठ भरली. “हुभी ऱ्हा, पोरी.”

ह्या वेळी भिंगाकडं कुणीही बघितलं नाही. बाया डोळे पुसत अक्षता टाकत होत्या. कॅमेरा थांबला तरी वाजंत्री थांबेना. बायांनी शकुबाईला घेरलं, नाव घे म्हणून हट्ट धरला. पाटाच्या बायकोला असा आग्रह एवढ्या वर्षांत कुणी केलाच नव्हता. तिला उखाणा काही जुळेना. ती नुसतंच “सर्जेराव” म्हणाली आणि पदरात तोंड घालून रडायला लागली.

शॉट कसा आला, हे विचारायचं निर्मात्याला दिवस मावळेपर्यंत सुचलं नाही.