पट्टी निघेपर्यंत

धान खरेदी केंद्रावरचं छापणारं कॅल्क्युलेटर बंद पडलं की मला हात कुठे ठेवावेत ते कळत नाही. ते सुरू असलं की टर्र-टर्र आवाज येत राहतो. त्याच्यामागे काट्यावर धानाचा कट्टा, म्हणजे पोतं, आदळल्याचा, हमालांच्या बोलण्याचा, मापाऱ्याने वजन ओरडल्याचा. हे सगळं एका लयीत चाललं की मीही जागेवर बसते. लय मोडली की उठते, पाणी पिते, दाराशी जाते, परत येते, पुन्हा पाणी पिते. घरचे म्हणतात, हिच्या पायाला भिंगरी आहे. असेल. माझं लहानपण जवाहरनगरच्या क्वार्टरमध्ये गेलं. तिथे आयुध कारखान्याची बस ठरल्या वेळी येते आणि ठरल्या वेळी जाते. वेळ पाळणं ही थोर माणसांनाही न जमणारी गोष्ट आहे, हे मला लग्न होऊन साकोली तालुक्यात येईपर्यंत कोणी सांगितलं नव्हतं.

इथल्या एका गावच्या सहकारी सोसायटीत मी कारकून आहे. दिवाळीनंतर धान खरेदी सुरू झाली की माझं टेबल ऑफिसातून उठून काट्याशेजारी जातं, आणि टेबलावर हे यंत्र येतं. आता सगळं ऑनलाइन आहे. सातबारा ऑनलाइन, नोंदणी ऑनलाइन, अंगठा ऑनलाइन. पावतीही ऑनलाइन येते, तिच्या सवडीने. पण धान आणणाऱ्या माणसाला हातात कागद लागतो. एकाखाली एक प्रत्येक कट्ट्याचं वजन आणि शेवटी बेरीज. ही लांब पट्टी तो हात लांब करून वाचतो, मग घडी घालून खिशात ठेवतो. एका हंगामात यंत्र बिघडलं होतं म्हणून वजनं हाताने लिहिली, तर बेरजेवरून एवढं भांडण झालं की आमसभेत ठरावच झाला: पट्टी नाही, तर धान गोदामात नाही.

यंत्रासोबत एक पुस्तिका आली होती. धूळ, ओलावा, ऊन आणि हादरे यांपासून यंत्र दूर ठेवावं, असं तिच्यात लिहिलं आहे. लिहिणाऱ्याने एकदा धान खरेदी केंद्र पाहिलं असतं, तर त्याने आम्हाला यंत्र विकलंच नसतं. मी आपली जमेल तशी निगा राखते. रोज सकाळी जुन्या रंगाच्या ब्रशने तूस झाडते. उशीच्या अभ्र्याचं झाकण शिवलं आहे. कागदाच्या कडेला लाल रेघ दिसू लागली की रोल संपत आला, हे ओळखून आधीच नवा घालते. शाईचा रोलर वाळला की नवाच बसवते. माझ्या आधीच्या कारकुनाने रबरी शिक्क्याची शाई त्याच्यावर ओतली होती. तेव्हाचे आकडे मी पाहिले आहेत. पाण्यात राहून सुजलेल्या पायांसारखे दिसतात.

तर ठरावानंतरच्या एका वर्षीचं उद्घाटन. केंद्र जुनं, काटा जुना, मापारी त्याहून जुना, तरी दर हंगामात उद्घाटन होतं आणि फीत कापल्याशिवाय काटा हलत नाही. आमचे अध्यक्ष एरवी बरे गृहस्थ आहेत. माईक हातात आला की बिघडतात. त्या वर्षी त्यांनी मोठे पाहुणे बोलावले होते. पाहुण्यांसाठी शेडमध्ये खुर्च्या लागल्या, म्हणून शेडमधले कट्टे, काटा आणि माझं टेबल बाहेर उघड्यावर आले. पाहुण्यांना ऊन लागू नये म्हणून अंगणात मांडव घातला आणि कट्टे झाकायच्या ताडपत्र्या मांडवावर चढल्या. ऊन मात्र नव्हतंच. सकाळपासून आभाळ भरून आलं होतं.

पहिला नंबर एकोडीकडच्या एका बाईंचा होता. पन्नाशीच्या, वाळक्या अंगाच्या, सातबारा स्वतःच्या नावावर. त्यांचा माल आदल्या दिवशीच येऊन पडला होता आणि उघड्यावर रचला होता. त्या थप्पीला टेकून उभ्या होत्या आणि माझ्याकडे व आभाळाकडे आळीपाळीने पाहत होत्या. त्यांची काळजी मला न सांगता कळत होती. धान भिजलं की ओलावा मोजायच्या यंत्रात आकडा वर चढतो, आणि आकडा चढला की धान परत. परत न्यायचं, वाळवायचं, पुन्हा नंबर लावायचा. तेवढ्यात केंद्राचं खरेदीचं उद्दिष्ट संपलं, तर वर्षाचं पीक घरातच.

"बाई, पाहुने कवा येतेत?"

"येऊन राहिले म्हणतात, मावशी."

"येऊन राहिले म्हणता म्हणता अभाळच येऊन राहिलं न वो."

मी ब्रश घेऊन यंत्र पुन्हा झाडलं. झाडायला काही नव्हतं. रोल काढला, पुन्हा घातला. रोलवरचं झाकण उघडंच होतं, तेवढ्यात गाड्या आल्या.

पाहुण्यांनी आपण शेतकऱ्याचे पुत्र असल्याचं सांगितलं. हे सांगायला त्यांना बराच वेळ लागला. मग अध्यक्षांनी केंद्राला अन्नदात्याचं मंदिर म्हटलं. नारळ फुटला, फीत कापली, काट्याला हार घातला. तेवढ्यात अध्यक्षांची नजर माझ्या टेबलावर पडली.

"मॅडम, याचीही पूजा होऊ द्या. आजचं शस्त्र आहे हे!"

मी झाकण लावते म्हणेपर्यंत हळद, कुंकू आणि अक्षता येऊन पडल्या. पाहुण्यांचा हात सढळ होता. यंत्राचं लग्न लागत असावं, अशा त्या टाकल्या. मग फोटोसाठी त्यांनी बटण दाबलं. फोटोवाला तयार नव्हता, म्हणून पुन्हा दाबलं. टाळ्या झाल्या. अध्यक्षांनी माईक घेऊन जाहीर केलं, "पट्टी हातात पडल्याशिवाय एकही कट्टा आत जाणार नाही. हा माझा शब्द आहे!" पुन्हा टाळ्या. पाहुणे दुसऱ्या एका उद्घाटनाला निघाले. जेवायला परत येतो म्हणाले.

मापाऱ्याने पहिला कट्टा काट्यावर घेतला. आमच्याकडे पहिल्याला एक म्हणत नाहीत.

"लाभ!" तो ओरडला आणि वजन सांगितलं.

मी आकडा दाबला. टर्र झालं. दुसरा कट्टा, टर्र. तिसरा, टर्र. पट्टी पाहिली, तर ती जागची हललीच नव्हती. तिन्ही वजनं एकाच ओळीवर एकमेकांच्या उरावर बसली होती. नुसता जांभळा ठिपका.

"थांबा," मी म्हटलं.

बंद करून चालू केलं. तार काढून लावली. कागद उलटा तर बसला नाही ना, ते पाहिलं. कागद पुढे सरकवायचं बटण दाबलं. आत घरघर झाली, कागद तिथेच. एव्हाना टेबलाभोवती सल्लागार मंडळ जमलं होतं.

"मॅडम, एक चापट मारा," एक हमाल म्हणाला. "आमच्या टीव्हीले तेच चालते."

"तुह्या टीव्हीले आधी करंट त येते का बे?" दुसरा म्हणाला.

ग्रेडर म्हणजे धानाची प्रत तपासणारा मुलगा, तो मोबाइल काढून म्हणाला, "नवीन मागवू का? चार दिवसांत येईन."

ट्रॅक्टरवाला हॉर्न वाजवून राहिला होता. मी अध्यक्षांना म्हटलं, "यांच्यापुरतं हाताने लिहिते. मावशींचा माल उघड्यावर आहे."

"कसं लिहिता? शब्द दिला ना मी आत्ता! व्हिडिओत आहे तो."

मावशीही हाताने लिहायला तयार नव्हत्या. "त्या साली लिवलं होतं न. सहा महिने बोलत नव्हते लोक एकमेकांशी. मले पट्टीच पायजे." मग मांडवाकडे बोट करून म्हणाल्या, "पट्टी काढा, नाही त ताडपत्री काढा. दोन्हीतलं एक करा, भाऊ."

"मांडव कसा काढू, बाई? साहेब जेवाले येऊन राहिले."

मी रोल काढला. शाईचा रोलर दोन बोटांनी उचलला, बोटं जांभळी झाली. ग्रेडरला मोबाइलचा उजेड धरायला सांगून आत वाकले. कागद ओढणाऱ्या रबरी दांड्याच्या टोकाला एक पांढरं दातेरी चाक असतं, आणि त्याच्या दातांत हळदीने पिवळा झालेला तांदळाचा दाणा बसला होता. ज्या जिल्ह्यात धानाशिवाय बोलणं नाही, तिथे धान मोजायचं यंत्र तांदळाने अडवलं होतं. मी हे कुणाला सांगितलं नाही. पूजेला नाव ठेवलं असं झालं असतं, आणि तो वाद पावसाहून लांबला असता.

नखाने दाणा निघेना. मावशींनी माझी धडपड पाहिली आणि बांगडीत अडकवलेली सेफ्टी पिन काढून पुढे केली. पिनेने दाणा निघाला नाही, तुटला. अर्धा बाहेर आला, अर्धा आणखी खाली गेला. मला स्वतःचा संताप आला. घाई केली की असंच होतं हे मला ठाऊक आहे, आणि ठाऊक असूनही मी घाईच करते.

तेवढ्यात टेबलावर पहिला थेंब पडला. मग पुढचा माझ्या जांभळ्या बोटावर.

मावशींनी पदर खोचला, मांडवाच्या खांबापाशी गेल्या आणि दोरीची गाठ सोडायला लागल्या. एका गाठीनंतर दोन्ही हमाल त्यांच्या मदतीला गेले. मघाचे टीव्हीवाले तेच. अध्यक्ष "अहो, अहो" म्हणत ताडपत्रीखाली उभे होते. ताडपत्री खाली आली तेव्हा ते क्षणभर तिच्यात गुंडाळले गेले आणि बाहेर आले तेव्हा टोपी नव्हती.

मी यंत्र उलटं केलं, तळहाताने हळूहळू ठोकलं, दातेरी चाक बोटाने मागे फिरवलं. उरलेला अर्धा दाणा टेबलावर पडला. रोल घातला, बटण दाबलं, आणि कागद सुरसुर वर आला. तो आवाज ऐकून मी खुर्चीत बसले. बराच वेळ उभी होते, हे तेव्हा कळलं.

टेबल, काटा, यंत्र सगळं शेडमध्ये ओढलं. "लाभ!" पुन्हा झालं. वजन, टर्र, वजन, टर्र. पाऊस भुरभुरता होता, पण ताडपत्री पोचेपर्यंत थप्पीच्या कडेचे कट्टे भिजले होते. ग्रेडरने प्रत्येकात बांबी, म्हणजे टोकदार पोकळ नळी, खुपसून धान काढलं, ओलावा मोजायच्या यंत्रात टाकलं. मधल्या कट्ट्यांना हरकत नव्हती. कडेच्यांवर तो थांबला.

"मावशी, हे नाही बसत. वाळवा लागन."

"किती वर गेला आकडा?"

"थोडाच. पन नाही घेता येत. मह्यावर येईन."

तो खोटं बोलत नव्हता. मावशींनी बाहेर पाहिलं. अंगण ओलं, शेडमध्ये खुर्च्या. मग त्यांनी ऑफिसच्या सभेच्या खोलीत डोकावून पाहिलं. तिथे पाहुण्यांच्या जेवणासाठी लाल गालिचा अंथरला होता आणि डोक्यावर दोन पंखे होते.

"इथं वाळन," त्या म्हणाल्या.

कट्ट्यांची शिवण उसवून त्यांनी धान गालिच्यावर ओतलं आणि अनवाणी पाय घासत पातळ पसरवायला लागल्या. पंखे मीच लावले. कुणी सांगितलं नव्हतं.

आता माझी वेगळी पंचाईत झाली. मावशींची पट्टी अर्धी निघाली होती. बेरजेचं बटण दाबलं तर हिशोब तिथेच मिटला असता, आणि उरलेल्या कट्ट्यांची दुसरी पट्टी काढावी लागली असती. दोन पट्ट्या म्हणजे पुन्हा दोन बेरजा, पुन्हा शंका. म्हणून मी बटण दाबलं नाही. पट्टी यंत्रातून लोंबत ठेवली. दुसऱ्या नंबरचा माणूस येऊन उभा राहिला.

"मॅडम, आमचं कवा?"

"यांचं झालं की."

"म्हंजे धान वाळेपर्यंत आमी इथं?"

"गोठ्यात गाय विईपर्यंत थांबता न, तसंच समजा," मापारी त्याला म्हणाला. तो हसला, पण जागचा हलला नाही. मी सभेच्या खोलीपर्यंत जायची, धान हाताने चाचपायची, परत यायची, लोंबती पट्टी नीट करायची, पुन्हा जायची. मावशी एकाच संथ गतीने पाय फिरवत होत्या. मीच त्यांच्या वाटची बेचैन झाले होते.

पाऊस थांबला आणि गाड्या परत आल्या. अध्यक्ष पाहुण्यांना घेऊन सभेच्या खोलीशी आले, दारात थबकले. गालिचा दिसत नव्हता, धान दिसत होतं. पाहुण्यांनी एक पाऊल आत टाकलं.

"चपला काढा, भाऊ," मावशी मान वर न करता म्हणाल्या. "धान हाय."

पाहुण्यांनी क्षणभर इकडेतिकडे पाहिलं, मग वाकून बूट काढले. सकाळच्या सबंध भाषणात शेतकऱ्याचा पुत्र मला कुठे दिसला नव्हता. तिथे पहिल्यांदा वाटलं, असेलही.

ग्रेडरने पुन्हा मूठभर धान घेतलं. ओलाव्याच्या यंत्रात टाकलं, आकडा पाहिला, मान डोलावली. "बसते आता."

हमालांनी भराभर कट्टे भरले, शिवले. मापारी ओरडत गेला, मी दाबत गेले. शेवटच्या कट्ट्यानंतर बेरजेचं बटण दाबलं आणि पट्टी फाडून मावशींच्या हातात दिली. त्यांनी हात लांब करून वरपासून खालपर्यंत वाचली, ओठ हलवत, घाई न करता. घडी घातली, कमरेच्या बटव्यात ठेवली. मग सभेच्या खोलीत परत गेल्या आणि गालिच्याच्या लवेत अडकलेले दाणे एकेक करून वेचायला बसल्या. पाहुणे दाराबाहेर हातात बूट धरून उभे होते. मी दुसरा नंबर पुकारला.