वाटीभर राजमा

आमच्या वडार वस्तीत एक रीत होती. चुलीवर डुकराचं मटण चढलं की घराचं दार उघडं ठेवायचं. वास जाईल तिथवर वाटी गेली पाहिजे, असं अण्णा म्हणायचे. अण्णा म्हणजे माझे वडील. जन्मभर त्यांनी दगड फोडला आणि त्या दगडाची धूळ शेवटी त्यांच्या छातीत जाऊन बसली.

मला पोस्टात नोकरी लागल्यावर मी सोलापुरातच, वस्तीपासून लांब, फ्लॅट घेतला. आजारपणात अण्णांना तिथं आणलं. भाकरी चावतानासुद्धा त्यांना धाप लागायची. आठ दिवस ते नुसत्या चहावर होते. पोटात काही गेलं नाही तर औषधंही सोसायची नाहीत, असं डॉक्टरांनी मला बाहेर बोलावून सांगितलं. मी रोज काहीतरी करायचे, ते रोज ताट सरकवायचे. मग एका शनिवारी आपणहून म्हणाले, "घेवडा घालून मटण कर की गं. आपलं."

आपलं म्हणजे कोणतं, ते मला कळलं. आनंद झाला आणि लगेच शेजारी आठवले. इमारतीत सगळे शाकाहारी. समोरच्या काकू तर लिंगपूजा झाल्याशिवाय चहाही घेत नाहीत. अंड्याची टरफलं मी पेपरात गुंडाळून ऑफिसच्या वाटेवर टाकत आलेले. माझी जात त्यांनी कधी विचारली नव्हती आणि मी आपणहून सांगण्याइतकी शूर नव्हते.

रविवारी सकाळी वस्तीत जाऊन मटण आणलं, पिशवीत वर मेथीची जुडी ठेवून. खिडक्या लावल्या. दाराच्या फटीत ओला टॉवेल कोंबला. चरबीचे तुकडे आधी पातेल्यात सोडले, त्यांचंच तेल सुटलं. त्यात कांदा, चेचलेला लसूण, काळं तिखट. मटण परतलं, रात्रभर भिजवलेला घेवडा, ज्याला इमारतीत राजमा म्हणतात तो, घातला आणि मंद आचेवर शिजत ठेवलं. भाकरीचं काय करावं या विचारात असताना मुलीच्या डब्यासाठी आणलेलं पास्त्याचं पाकीट दिसलं. त्या नळ्या बोटानं चिरडता येतील इतक्या मऊ शिजवल्या आणि वरून दाट रस्सा ओतला.

वासानं अण्णा उठले. भिंत धरत धरत स्वयंपाकघरापर्यंत आले.

"दार कशापायी लावलंस?"

"डास येतात."

भर दुपारी डास. ते ताटावर बसले. ताटातली नळी चेपून बघत म्हणाले, "ह्ये काय, गांडुळं व्हय?" आणि हसले. किती दिवसांनी हसले. पहिला घास उचलला तेवढ्यात बेल वाजली.

दारात काकू. मी दार वीतभरच उघडलं.

"काय लई छान वास सुटलाय हो ताई. काय केलंय?"

"राजमा," मी म्हणाले. "अण्णांना आवडतो."

"मग वाटीभर द्या की. चव तरी बघू."

द्यावं तर बाईचा धर्म बुडतो, आणि सांगावं तर माझी लाज. "खाली लागला हो," मी म्हणाले. "देण्यासारखा नाही राहिला."

"असू दे, असू दे," म्हणत त्या गेल्या.

मी वळले तर अण्णांनी घास ताटात परत ठेवला होता.

"त्या हे खात नाहीत, अण्णा. कसं देणार?"

"खात न्हाईत त्ये मलाबी म्हाईत हाय. द्यायचं न्हवतंच. पर आपलं हाय म्हून सांगायचं हुतंस की." जरा थांबून, दम घेऊन म्हणाले, "मला घास न्हाय जायाचा आता."

ते रागावले असते तर बरं झालं असतं. मीच भडकले. म्हणाले, "मला इथं राहायचंय. तुमचं काय जातंय बोलायला?"

"व्हय," ते म्हणाले आणि हात धुवायला उठले.

एकोणीस दिवसांनी ते गेले. धुळीनं गेले, एवढी अक्कल मला आहे. पण त्या दुपारनंतर त्यांनी माझ्याकडं काहीही मागितलं नाही, पाणीसुद्धा नाही. मी देईन तेवढं घ्यायचे.

दहाव्याला घर वस्तीतल्या माणसांनी भरलं होतं. दार उघडंच होतं. काकू डबा घेऊन आल्या. कुणाला शिवलं जाईल याचा विचार न करता थेट आत आल्या आणि डबा माझ्या हातात दिला.

"राजमा केलाय. अण्णांना आवडतो म्हणाला होतात ना, नैवेद्याला ठेवा."

माझी म्हातारी आत्या भिंतीला टेकून बसली होती. "राजमा?" ती म्हणाली. "त्येला कवा आवडत हुता?"

सगळे माझ्याकडं बघायला लागले. काकूही.

"शेवटी शेवटी आवडायला लागला होता," मी म्हणाले, आणि तो वाटीत काढून अण्णांच्या फोटोपुढं ठेवला.