दोन फेऱ्या अजून

पारोळ्यातल्या एका शाळेत मी बत्तीस वर्षं पीटीचा मास्तर होतो. "सर, पोटात दुखतंय," हे वाक्य त्या बत्तीस वर्षांत किती वेळा ऐकलं, देव जाणे. माझं उत्तर ठरलेलं असायचं: "दोन फेऱ्या अजून. आपोआप थांबेल." बहुतेकांचं थांबायचंही. दुखणं खरं असेल तर माणूस सांगत बसत नाही, आडवा होतो, असं माझं शास्त्र होतं. ते कुठल्या पुस्तकात वाचलेलं नव्हतं. गळ्यात शिट्टी असली की अशी शास्त्रं आपोआप सुचतात.

या हिवाळ्यात त्याच मैदानावर सकाळी चालताना माझ्या छातीच्या मधोमध काहीतरी आवळल्यासारखं होऊ लागलं. तिसऱ्या फेरीला सुरू व्हायचं, उभा राहिलो की जायचं. मैदानावर माझे जुने विद्यार्थी आपापल्या टोळक्यानं चालायला येतात. त्यांच्यासमोर थांबायचं कसं? मग मी वाकून बुटाची नाडी बांधायचो. त्या दिवसांत माझ्या बुटांच्या नाड्या फार सुटल्या. कोणी विचारलं नाही. सर आहेत, सरांना काय होणार!

घरी तरी विचारणारं कोण होतं? बायको जाऊन दोन वर्षं झाली. मुलगा सुरतला असतो, रविवारी फोन करतो. "नाना, कसं शे?" म्हणतो. मी म्हणतो, "बरं शे." मग तो पाऊसपाण्याचं विचारतो, मी नातवाच्या शाळेचं विचारतो, आणि पुढच्या रविवारपर्यंत मी घरात एक शब्द मोठ्यानं बोलत नाही.

शेवटी एकदा नाडी बांधायला वाकलो आणि उठताच येईना, तेव्हा आमच्या गल्लीतल्या डॉक्टरांकडे गेलो. त्यांनी झोपवून ईसीजी काढला. पट्टी साफ निघाली. मी शर्ट घालत म्हणालो, "झालं तर मग." डॉक्टर म्हणाले, "सर, हे झोपलेल्या हृदयाचं झालं. चालत्या हृदयाचं बघायला हवं." आणि चिठ्ठीवर त्यांनी धुळ्याला जाऊन करायच्या तपासणीचं नाव लिहिलं. स्ट्रेस टेस्ट.

ते अक्षर मी ओळखलं. त्याच अक्षरातली, त्याच तपासणीची एक चिठ्ठी माझ्या घरी कपाटात होती. बायकोच्या नावाची.

हे मी आजवर कोणाला सांगितलेलं नाही, मुलालाही नाही. जाण्याआधी चारेक महिने ती म्हणायला लागली होती की जिना चढताना दम लागतो. मी माझं नेहमीचं औषध दिलं. पहाटे उठवून मैदानावर न्यायला लागलो. दुसऱ्या फेरीला ती छातीवर हात ठेवायची आणि म्हणायची, "आठे दाटी येस हो. थांबूत ना घडीभर." म्हणजे इथे छातीत दाटून येतं. घरात आम्ही अहिराणीतच बोलायचो, पण मैदानावर माझ्या तोंडून शाळेतलं मराठी यायचं. मी म्हणायचो, "दोन फेऱ्या अजून. सवय नाही म्हणून होतंय." आणि ती चालायची. माझ्यावर विश्वास ठेवून चालायची. मला न सांगता ती एकटीच या डॉक्टरांकडे जाऊन आली आणि चिठ्ठी माझ्यासमोर ठेवली, तेव्हा मी हसलो. म्हणालो, "मशीनवर चालायला धुळ्याला कशाला जायचं? मैदान काय वाईट आहे?" चिठ्ठी घडी घालून कपाटात गेली. तीन आठवड्यांनी दुपारी मेथी निवडता निवडता ती भिंतीला टेकली, ती टेकलीच.

मला याची लाज वाटते. दुःख वाटतं तेव्हा माणसं भेटायला तरी येतात. लाजेचं कोणाला सांगत नाही, म्हणून कोणी येतही नाही.

यातलं सगळ्यात वाईट हे की ही तपासणी म्हणजे काय, हे माझ्याइतकं कोणाला कळायला हवं होतं? प्रार्थनेला रांगेत उभी असलेली चाळीस पोरं सारखीच दिसतात. कोणात किती दम आहे हे तिसऱ्या फेरीला कळतं. शाळेचा खो-खोचा संघ निवडताना मी पोरांना पळवून आणायचो, मनगट धरून ठोके मोजायचो, आणि दोन मिनिटांनी पुन्हा मोजायचो. ज्याचे ठोके लवकर खाली येतील तो पोरगा पक्का. धुळ्याचं मशीन हेच करतं, फक्त ठोक्यांबरोबर रक्तदाब आणि ईसीजीही बघतं. बसल्या जागी हृदयाला थोडं रक्त पुरतं, अरुंद झालेली नळीही तेवढं भागवते. काम वाढवलं की कमी पडलेलं दिसतं. परक्याच्या पोरांचे ठोके मी मोजले. घरातल्या माणसाचं मनगट एकदाही धरलं नाही. लोका सांगे ब्रह्मज्ञान, आपण कोरडे पाषाण.

तर मी धुळ्याला निघालो. सांगायला हसू येतं, पण त्याआधी चार दिवस मी तयारी केली. परीक्षा म्हटली की सराव आलाच. जुनी ट्रॅकपँट इस्त्री केली, दाढी केली. निघताना कपाटातली तिची चिठ्ठीही शर्टाच्या खिशात ठेवली. नापास व्हायचं नाही, एवढंच डोक्यात. डॉक्टरांनी तपासणीपर्यंत दमायचं नाही म्हणून बजावलं होतं, तरी रोज एक फेरी जास्त मारून बघत होतो. पालथ्या घड्यावर पाणी.

दवाखान्यात काउंटरवरच्या बाईंनी विचारलं, "सोबत कोण आहे?"

"कोणी नाही."

"मग नातेवाइकाचा मोबाईल नंबर लिहा."

मी लिहिला. त्यांनी खात्री करायला फिरवला, आणि माझ्याच खिशात फोन वाजायला लागला. त्यांना वाटलं म्हातारा गंमत करतोय. खरं म्हणजे नंबर म्हटल्यावर मला दुसरा कुठला आठवलाच नव्हता. मग फोनमध्ये शोधून मुलाचा दिला. त्या त्याच्याशी बोलल्या, आणि फोन माझ्याकडे आला तेव्हा तो नुसतं म्हणाला, "नाना, काही सांगं का नही? मी निघस आते."

आतल्या खोलीत एक मुलगी होती, मशीन चालवणारी. तिनं माझ्या छातीवरचे पांढरे केस जागोजागी भादरले, कातडी घासली, गोल चकत्या चिकटवल्या आणि त्यांना वायरी जोडल्या. दंडावर रक्तदाबाचा पट्टा बांधला. डॉक्टर बाजूच्या खुर्चीत पडद्याकडे तोंड करून बसले होते. मुलगी म्हणाली, "काका, दर तीन मिनिटांनी वेग वाढेल, चढही वाढेल. छातीत, जबड्यात, हातात काही वाटलं, चक्कर आली, दम कोंडला, तर लगेच सांगायचं. ताणायचं नाही."

पायाखालचा पट्टा सरकू लागला. पहिली तीन मिनिटं म्हणजे बाजारात भाजी आणायला जावं तसं. मी छाती काढून चाललो. समोर भिंत होती, तिच्याकडे चालत होतो आणि ती तिथंच होती. दर थोड्या वेळानं मुलगी विचारायची, "काका, काही होतंय?" मी म्हणायचो, "काही नाही." मग दंडावरचा पट्टा फुगायचा. नाचता येईना अंगण वाकडे म्हणतात, इथे अंगण खरोखरच वाकडं करतात. दुसऱ्या टप्प्यात घाम आला. दिवसभरात मला एवढ्या वेळा कोणी विचारलं नव्हतं, वर्षभरातही नसेल, आणि मी प्रत्येक वेळी खोटं बोलत होतो. कारण ते आवळणं सुरू झालं होतं.

"काका, काही होतंय?"

"काही नाही."

तिसरा टप्पा लागला. मी मनात म्हणालो, दोन मिनिटं अजून, आपोआप थांबेल. आणि तो आवाज माझ्याच कानाला ऐकू आला. मैदानावरचा, शिट्टी गळ्यात घातलेल्या माणसाचा. त्याच्या पुढे दोन पावलांवर ती चालत होती, छातीवर हात ठेवून. शेवटी ती विचारायचीच बंद झाली होती. नुसती चालायची.

"काका?"

"आठे दाटी येस," मी म्हणालो.

हे शब्द माझे नव्हते, तिचे होते. मुलीनं डॉक्टरांकडे पाहिलंही नाही. तिचा हात बटणावर गेला, चढ उतरला, पट्टा मंदावला, थांबला. अजून थोडं चाला म्हणाली नाही. सवय नाही म्हणून होतंय म्हणाली नाही. दंडाला धरून तिनं मला पलंगावर निजवलं आणि वायरी तशाच ठेवून पडद्याकडे बघत राहिली. कोणी सांगितल्यावर थांबणं इतकं सोपं असतं, हे मला पासष्टाव्या वर्षी कळलं. माझे डोळे वाहू लागले. तिला वाटलं फार दुखतंय, म्हणून तिनं डॉक्टरांना जवळ बोलावलं.

डॉक्टरांनी जिभेखाली गोळी दिली, आणि ठोके खाली येईपर्यंत थांबले. मग कागदाची लांब पट्टी माझ्यासमोर धरली आणि जिथे रेघ खाली बसली होती तिथे पेन टेकवलं. रक्त कमी पडतंय, म्हणाले. अँजिओग्राफी करावी लागेल, आज घरी जायचं नाही.

मी विचारलं, "डॉक्टर, हीच तपासणी दोन वर्षांपूर्वी केली असती तर?"

"तर बहुतेक तेव्हाच कळलं असतं." त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला. "पण काळजी करू नका, काका. उशीर झालेला नाही."

मुलगा सुरतहून निघाला होता, पोचायला संध्याकाळ होणार होती. मी शर्टाची बटणं लावली आणि खिशात तिची चिठ्ठी आहे का ते चाचपून पाहिलं.