मांडवाच्या दारातले चार रंग

मैनाबाईला आमच्या बाभुळगावात कोणी बिचारी म्हणत नाही. म्हणायचा प्रयत्न झाला होता. नवरा गेला तेव्हा बायका रांगेनं आल्या, डोळे पुसले आणि जाताना 'बिचारी' हा शब्द तिच्या उंबऱ्यात ठेवून गेल्या. तिनं तो दुसऱ्याच महिन्यात झाडून काढला. माझ्या स्वयंपाकघराची खिडकी तिच्या अंगणावर उघडते, त्यामुळे मी सांगते ते ऐकीव नाही.

तिचा नवरा बळीराम फ्रीज दुरुस्त करायचा. बसस्टँडमागच्या त्यांच्या दोन खोल्यांत निम्मी जागा गावातल्या आजारी फ्रीजांची. त्यांतच एक आडवं, वरून झाकण उघडणारं मोठं फ्रीझर होतं. कुठल्याशा बंद पडलेल्या दुकानातून त्यानं ते भंगारात उचललं आणि महिनाभर खपून चालू केलं. पुढे विहिरीवरच्या मोटारीचा शॉक लागून तो गेला, आणि फ्रीझर मात्र घरघरत राहिलं. तेरवीच्या दिवशी मोठे दीर विठ्ठलराव म्हणाले, "प्रियंकाची माय, हे धूड इकून टाक. बाईमाणसाले कायले पायजे?"

मोठ्या दिरासमोर तोंड उघडायची आमच्याकडे रीत नाही. मैनाबाईनं पदर डोक्यावर नीट घेतला आणि तोंड उघडलं. "भाऊजी, थे त्यायनं चालू केलं. म्या नाई बंद करत."

त्या फ्रीझरवर तिनं घर चालवलं. फळांच्या रसाच्या कांड्या करायची, शाळा सुटली की तिच्या दाराशी पोरांचा गलका. बाटलीतला रंग तिनं कधी घातला नाही. तिची रीत अशी, की ज्या फळाचा हंगाम संपत आला ते स्वस्त झालेलं फळ आणायचं, रस काढायचा आणि डब्यात गोठवून ठेवायचा. पावसाळ्यातलं जांभूळ तिच्याकडे चैत्रात मिळायचं आणि थंडीतला संत्रा भर उन्हाळ्यात. कपाळाला टिकली आणि हातात हिरव्या बांगड्या होत्या तशाच. कोणी हटकलं तर म्हणायची, "बांगड्या माह्या बापानं भरल्या होत्या, लग्नाच्या आधी. नवऱ्याचा काय संबंध?" एवढं म्हणून ती आत निघून जायची.

तर यंदा मे महिन्यात तिच्या लेकीचं, प्रियंकाचं लग्न ठरलं. मुलगा कळंबचा, नयन नावाचा, शांत आणि कामसू. त्याची बहीण अपेक्षा हौशी. तिनं प्रियंकाच्या मोबाइलवर एक फोटो पाठवला. उंच ग्लास, त्यात एकावर एक रंगांचे थर, वर पुदिन्याचं पान. खाली लिहिलं होतं, 'वहिनी, वरातीला हे फ्रोझन फ्रूट कॉकटेल पाहिजे हं!' विठ्ठलरावांनी फोटो पाहिला आणि लगेच यवतमाळच्या केटरर्सचं नाव काढलं. उंटावरून शेळ्या हाकण्यात त्यांचा हात कोणी धरणार नाही.

"केटरर्स कायले?" मैनाबाई म्हणाली. "मी घरीच करीन. माह्या पोरीची वरात आहे."

विठ्ठलरावांना खर्च वाचल्याचं बरं वाटलं, म्हणून ते कबूल झाले. पण जाता जाता बोललेच, "कर. पण मांडवाच्या दारात कांता उभी राहीन. वरातीले पह्यला गोड घोट सवाष्णीच्या हातचा पायजे. तू मागं राह्य." कांताबाई म्हणजे त्यांची बायको, मैनाबाईची मोठी जाऊ. स्वभावानं वाईट नाही, पण नवऱ्याच्या पुढे तिची जीभ टाळूला चिकटते.

मैनाबाईनं त्या दिवशी वाद घातला नाही. तिला काय हवं होतं? लेकीच्या मांडवाच्या दारात उभं राहायचं आणि येणाऱ्या व्याह्यांना स्वतःच्या हातानं पहिलं काहीतरी द्यायचं. एवढंच. बापाविना पोर वाढवलेल्या बाईला एवढंही मिळू नये, याचा मला राग आला. मला राग लवकर येतो, आणि अशा वेळी तो यायलाच पाहिजे. मी म्हटलं, "मैना, तू काहून चूप बसली?" ती टरबूज चिरत होती. "चूप कुठी? करून राह्यली नं," म्हणाली.

लग्नाच्या आदल्या दिवशी सकाळपासून तिचं चाललं होतं. बेंबळा नदीकाठची टरबुजं आणली, बिया काढून मिक्सरमधून फिरवली, गाळली, लिंबू पिळलं, चिमूटभर मीठ टाकलं. कैऱ्या उकडून पुदिन्याबरोबर वाटल्या. आंब्याचा रस काढला. चौथा रंग जांभळाचा, तो गेल्या पावसाळ्यापासून फ्रीझरच्या तळाशी झोपलेला. एकेक रंग वेगळ्या परातीत ओतून गोठवायला ठेवायचा, कडेनं धरू लागला की काट्यानं खरवडायचा, परत ठेवायचा, परत खरवडायचा. असं चार वेळा केलं की त्याचा दगड होत नाही, रवाळ भुगा होतो. साखर कमी पडली तर दात मोडतील, जास्त झाली तर धरणारच नाही. ती बोट बुडवून चाखायची आणि मान हलवायची. फ्रीझर भरलं तेव्हा कैरीचा एक डबा माझ्या फ्रीजच्या बर्फाच्या कप्प्यात आला, आणि आमच्याकडच्या दुधालाही पुदिन्याचा वास लागला.

संध्याकाळी तिनं मला एक ग्लास भरून दाखवला. तळाशी जांभूळ, कारण ते जड. त्यावर आंबा, मग कैरी, वर टरबूज. चारही रंग आपापल्या जागी उभे. मी बघत बसले तर माझ्यावर ओरडली, "पाहू नको, खाय! हे भरलं की हातात द्याचं, हातातून तोंडात. ठेवलं की मेलं."

लग्नाचा दिवस उजाडला तो आग ओकतच. मांडव घरासमोरच्या मोकळ्या जागेत. मुहूर्त दुपारचा. नवरदेव मारोतीच्या देवळापाशी उतरला होता, बँड वाजत होता, आणि विठ्ठलराव घड्याळ पाहत मांडवभर फिरत होते. "मुहूर्त जवळ आला. ग्लास भरून मांडून ठेवा. वरात आली की धांदल नको."

"वरात दारात आल्याबिगर भराचं नाई भाऊजी," मैनाबाई म्हणाली.

"तू जाय पोरीपाशी. कांता पाहीन."

मैनाबाई गेली. पण जाताना तिनं निम्म्या पराती फ्रीझरमध्येच राहू दिल्या, झाकणाला कुलूप लावलं आणि किल्ली कमरेला खोचली. मी पाहिलं ते.

आता मला सांगा, आमच्याकडची वरात कधी मुहूर्तावर आली आहे? पत्रिकेत मुहूर्त मिनिटासकट छापतात आणि वरातीतली पोरं त्या मुहूर्ताच्या छातीवर नाचतात. हे गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक. पण पाहुण्यांपुढे घाई करायची वेळ आली की आमची माणसं हेच विसरतात. कांताबाईनं पुतण्यांना हाताशी घेऊन पांढऱ्या चादरीच्या टेबलावर शंभरेक ग्लास सुंदर भरून मांडले. विठ्ठलरावांनी फोटोही काढला. आयत्या बिळावर नागोबा! आणि वरात तिकडे मारोतीपाशीच, एकाच गाण्यावर पुन्हा पुन्हा नाचत.

आधी वरचं लाल खाली उतरलं. मग हिरवं पिवळ्यात शिरलं. मग सगळ्यांनी मिळून जांभळ्याला गाठलं. बँडचा आवाज गल्लीच्या तोंडाशी आला तेव्हा टेबलावर शंभर ग्लास नाल्याचं पाणी उभं होतं, वर पुदिन्याची पानं तरंगत. कांताबाई रडायच्या बेताला आली. विठ्ठलराव धावत घराच्या दाराशी आले.

"प्रियंकाची माय, लवकर! आत नवे भरून दे. कांता घेऊन जाईन."

मैनाबाई लेकीच्या केसांत गजरा माळत होती. गजरा नीट बसेपर्यंत ती वळली नाही. मग वळली आणि म्हणाली, "आत नाई भरनार."

"म्हंजे?"

"दारात भरीन. जो घेईन त्याच्या समोर. भरीन मी, देईनही मीच."

"लोक काय म्हनतीन?"

"लोकायचं लोक पाहतीन. किल्ली माह्यापाशी आहे भाऊजी."

बँड अगदी जवळ आला होता. विठ्ठलरावांनी माझ्याकडे पाहिलं, जणू मी काही मध्यस्थी करणार होते. मी पराती उचलायला निघाले.

मांडवाच्या दारात आम्ही टेबल ओढलं. बर्फाच्या पेटीत पराती, हाताशी ग्लास आणि मागे मैनाबाई, अंजिरी साडीत, टिकली लावून. वरात आली. घामानं निथळलेली, तोंडं वाळलेली. सगळ्यांत पुढे विहीणबाई. मैनाबाईनं ग्लास घेतला, जांभूळ घातलं, आंबा, कैरी, टरबूज, पान खोचलं आणि दोन्ही हातांनी पुढे केला. "या ईनबाई."

विहीणबाईंनी ग्लासाकडे पाहिलं, मग मैनाबाईच्या मोकळ्या गळ्याकडे. त्यांच्या मागून कोणी म्हातारी पुटपुटली, "पह्यला मान सवाष्णीचा असते वं." विहीणबाईंचे हात पदरातच राहिले. बँडवालेही नेमके तेव्हाच थांबले. ग्लास तसाच पुढे, आणि त्याच्या कडेनं लाल थेंब तिच्या बोटांवर उतरायला लागला. मला वाटलं, आता ही ग्लास खाली ठेवणार आणि जन्मभर ते लक्षात ठेवणार.

मैनाबाईनं ग्लास मागे घेतला. सगळ्या वरातीसमोर, मांडवाच्या दारात, वरमाईच्या आधी, तिनं तो स्वतःच्या तोंडाला लावला. घाई नाही केली. चमच्यानं खाल्ला, उरलेलं प्यायली, ओठ पुसले.

"हा पह्यला मान माहा," ती म्हणाली. "पोर म्या वाढवली. आता दुसऱ्यापासून तुमचे. ज्याले पायजे त्यानं या, नाईतर ऊन आहेच."

असला अपमान कळंबकरांचा कधी झाला नसेल, आणि इतकी तहानही त्यांना कधी लागली नसेल. नवरदेवच पुढे आला. फेट्याचा शेमला मागे सारून त्यानं हात पुढे केला. "मामी, मले द्या. जांभूळ जरा जास्त घाला." त्याच्यामागून अपेक्षा आली, मग नाचून थकलेली पोरं, आणि मग रांगच लागली. ती पुटपुटणारी म्हातारीही आली. विहीणबाई बऱ्याच वेळानं आल्या, पण ग्लास मैनाबाईच्या हातातूनच घेतला. मैनाबाईनं त्यांच्या ग्लासात पान दोनदा नीट केलं.

अक्षता पडल्या. पंगती उठल्या. विठ्ठलराव दिवसभर ओरडून घसा बसल्यासारखे दाराशी आले आणि टेबलाजवळ घुटमळले. पराती रिकाम्या झाल्या होत्या. जांभळाच्या परातीत थोडा भुगा उरला होता, तो मैनाबाईनं प्रियंकासाठी झाकून ठेवला होता.

"आहे का काही?" त्यांनी विचारलं.

"आहे नं भाऊजी." तिनं मागच्या चादरीच्या टेबलावरून एक ग्लास उचलला. वरातीआधी भरलेला, मातकट, कोमट, वर काळं पडलेलं पान. तो त्यांच्यापुढे दोन्ही हातांनी धरला, अगदी मानानं, पदर सावरून.

"हा तुमच्या मुहूर्ताचा आहे," ती म्हणाली. "घ्या."

विठ्ठलरावांनी घेतला आणि तिथंच उभ्यानं संपवला.