गोऱ्या बाईचा पापड

आमच्या गावाबाहेर गोऱ्यांची जुनी दफनभूमी आहे. परवा सकाळी फिरायला गेलो, तर पलीकडच्या वस्तीतल्या शेवंताबाई तिथल्या एका सपाट थडग्यावर पापड वाळत घालायच्या तयारीत होत्या. त्यांनी दगड धुतला, हात टेकून नमस्कार केला आणि म्हणाल्या, “बाई, जरा जागा घेते गं.”

“इथं बाई आहे, हे तुम्हाला कुणी सांगितलं?” मी विचारलं.

“सासूनं. बाळंतपणात गेली म्हणे बिचारी. नाव नाही ठाऊक.”

नाव मलाही वाचता आलं नाही. पावसानं अक्षरं पार पुसली आहेत. आपल्या डोंगरांना, रस्त्यांना, पुलांना स्वतःची नावं देत सुटलेली ही माणसं. त्यांच्या राज्याचा मला राग आहे आणि तो जाणार नाही. पण त्यांची एक लेक इथं या उन्हात पडली आहे, हे आज तिकडे विलायतेत एकाही घरात कुणाला आठवत नसेल, याची मला खात्री आहे. ती आठवण इथं आहे, सासूकडून सुनेकडे आलेली, आणि दरवर्षी उडदाच्या पापडांबरोबर उन्हाला येते.

संध्याकाळी पुन्हा तिकडून गेलो. शेवंताबाईंनी पापड गोळा केले होते, पण एक दगडावर तसाच ठेवला होता.

“हा राहिला,” मी म्हणालो.

“राहू दे. तिचा आहे,” डबा काखेत मारत त्या म्हणाल्या. “तिच्या माहेरचं कुणी येत नाही ना.”