जाऊबाईंच्या पुस्तकातली मापं

माझा हात सैल आहे, हे मी या घरात सून म्हणून आले तेव्हापासून ऐकतेय. ऐकवणाऱ्या माझ्या थोरल्या जाऊबाई. त्यांनी सांगितलेल्या टाक्यांवर मी विणलेला स्वेटर कुणाच्या अंगावर लोंबला, की त्या बाही चिमटीत धरायच्या आणि म्हणायच्या, "टाके ओढून घे गं जरा. तुझा हातच सैल." डोक्यात तिडीक जायची माझ्या. पण बोलणार काय? त्यांनी विणलेला स्वेटर समोरच असायचा ना, खांद्याला खांदा, मनगटाला मनगट, जिथल्या तिथं बसलेला.

प्रकाशकबाई भेटल्या त्याही तशाच एका स्वेटरपायी. शिवणाची आणि भरतकामाची पुस्तकं काढतात त्या. मोठ्या भावजींच्या अंगातला स्वेटर त्यांनी जिन्यात पाहिला, भावजींना तिथंच गोल फिरवून पाठ बघितली, आणि मग जाऊबाईंच्या मागेच लागल्या. विणकामाचं पुस्तक करायचं. तान्ह्या बाळापासून आजोबांपर्यंत घरातल्या सगळ्यांचं, कुणीही उघडावं आणि सुया हातात घ्याव्यात असं. जाऊबाई सांगणार, मी टाइप करणार. आणि प्रकाशकबाईंचा एक नियम होता: लिहिणारीनं स्वतः विणलेलं मोजायचं नाही, प्रत्येक नमुना दुसऱ्या कुणीतरी पुस्तकात वाचून विणून दाखवायचा. दुसरी कोण? मीच की! दिवसभर चष्म्याच्या दुकानात उभी, संध्याकाळी सुया.

आणि एकूण एक स्वेटर मोठा. बाळाची टोपी माझ्या गुडघ्यावर बसली. पुरुषांचा स्वेटर आमच्या ह्यांनी घातला, आरशात पाहिलं आणि विचारलं, "यात अजून कोण यायचंय?" मी दोन दिवस बोलले नाही त्यांच्याशी.

प्रकाशकबाईंनी जाऊबाईंना सांगितलं, आधी नव्या नमुन्याचा छोटा चौकोन विणा, म्हणजे किती टाक्यांत किती रुंदी भरते ते पहिल्या पानावर छापता येईल. जाऊबाई म्हणाल्या, "चौकोन कोण अंगात घालतं? फुकटची लोकर वाया." विषय संपला. मग प्रकाशकबाईंनीही स्पष्टच सांगून टाकलं, मापं जुळल्याशिवाय पुस्तक छापणार नाही.

जाऊबाईंचं तोंड एवढंसं झालं. त्यांना ते पुस्तक किती हवं होतं हे मला माहीत होतं. शाळा मध्येच सुटलेली बाई. घरात त्यांचं नाव असलेली वस्तू म्हणाल तर एक नाही. दारावर भावजींचं नाव, विजेच्या बिलावर भावजींचं, लग्नात मिळालेल्या भांड्यांवरसुद्धा सासूबाईंचं. कव्हरवर आपलं नाव कुठल्या रंगात असेल, असं त्यांनी मला भाजी निवडता निवडता, अगदी सहज विचारावं तसं, कितीदा विचारलं होतं. म्हणून मला वाईट वाटलं. पण ते टिकलं नाही, कारण पुढच्याच क्षणी त्या माझ्याकडे वळून म्हणाल्या, "तू तेवढा हात घट्ट कर बाई. तुझ्यापायी अडलंय माझं पुस्तक."

तळपायाची आग मस्तकात गेली. ठीक आहे म्हटलं, बघाच आता. इतकं आवळून विणलं की टाका सुईवरून पुढे सरकेना. बोटांना वळ उठले. आणि स्वेटर? मोठाच!

एक बाही झाली आणि माझी लोकर संपली. लोकरीचं दुकान बंद, म्हणून जाऊबाईंच्या टोपलीतला तसाच करड्या रंगाचा गुंडा घेतला आणि दुसरी बाही त्यानं विणली. दोन्ही बाह्या जोडायला घेतल्या आणि बघतच राहिले. एक लांब, फुगलेली. दुसरी जाऊबाईंच्या मापाला तंतोतंत. बाई तीच, सुया त्याच, राग तोच! खिडकीशी जाऊन दोन्ही लोकरी शेजारी शेजारी धरल्या. माझी जाड, भरीव. त्यांची झिजून अर्धी झालेली.

"वहिनी, ही लोकर कुठून आणली?"

"आणतेय कशाला? ह्यांचा जुना स्वेटर उसवला."

"आणि तो कशाचा होता?"

"वन्संच्या शालीचा."

"शाल कशाची?"

"मामंजींच्या बंडीची. मी लग्न होऊन आले तेव्हा ती त्यांच्या अंगात होती," त्या म्हणाल्या. "का गं?"

का गं म्हणे! माझ्या डोळ्यांसमोरच तर चालायचं सगळं. थंडी तोंडावर आली की कुणाचा तरी स्वेटर आखूड झालेला असायचा. जाऊबाई तो उसवायच्या, ती कुरळी झालेली लोकर खुर्चीच्या पाठीला गुंडाळून लडी करायच्या, कोमट पाण्यात बुडवायच्या आणि खाली वजन टांगून दोरीवर वाळवायच्या. सरळ झाली की नव्या मापाचे टाके सुईवर. उसवणं, धुणं, विणणं, पुन्हा उसवणं. लोकर झिजत गेली, तसे त्या टाके वाढवत गेल्या. आणि तेच टाके आम्ही पुस्तकात लिहून लोकांना सांगत होतो, बाजारातून नवी लोकर आणा आणि विणा!

मग मला खरा राग आला, आणि तो त्यांचा नव्हता. एवढं भरलेलं घर. सासरे, दीर, नणंदा, त्यांची पोरं. सगळे गळ्यापर्यंत बटणं लावून उबेत फिरले, चारचौघांत "आमच्या वहिनींच्या हाताचा" म्हणून मिरवले. या बाईला लोकरीचा एक नवा गुंडा आणून द्यावा, हे एकाच्याही डोक्यात आलं नाही? त्या मागत नव्हत्या म्हणे. मागत नव्हत्या म्हणून द्यायची नाही? शहाणीच माणसं!

हे सगळं मी त्यांना मोठमोठ्यानं सांगितलं. त्यांनी नीट ऐकून घेतलं.

"म्हणजे तुझा हात सैल नाही?"

"नाही!"

"बरं," त्या म्हणाल्या.

इतक्या वर्षांनी काय, तर बरं!

असो. दुसऱ्या दिवशी दुकानातून येताना मी नव्या लोकरीच्या दोन मोठ्या पिशव्या भरून आणल्या. एकूण एक नमुना पुन्हा विणायचा, टाके कमी करत मापं बसवायची, एवढंच हातात होतं. प्रकाशकबाई थांबायला तयार झाल्या. पहिला गुंडा मीच सोडला, टाके मीच घालून दिले आणि सुया त्यांच्या हातात दिल्या. जाऊबाई जरा अवघडून विणत होत्या, पण स्वेटर झाला. भावजींना घातला. चोख बसला. मी मापं टाइप केली, नियमाप्रमाणे ती वाचून एक स्वेटर स्वतः विणला, तोही बसला; मग पाठवली, प्रकाशकबाईंचा निरोप आला की आता असेच सगळे होऊ द्या, आणि मला कितीतरी दिवसांनी धड झोप लागली.

परवा कामावरून आले, तर जाऊबाई खुर्चीसमोर बसलेल्या. खुर्चीच्या पाठीला निळी कुरळी लोकर. भावजींच्या नव्या स्वेटरची फक्त कॉलर उरली होती, तीही भराभर कमी होत होती.

"अहो वहिनी, हे काय करताय!"

"तुझी मापं लिहून झाली ना? मग लोकर अडकवून कशाला ठेवायची? मुलांचा नमुना होईल यातच."

"देवा!" मी अक्षरशः किंचाळले. "यानंच तर सगळं बिघडलं होतं! हा उसवून तो, तो उसवून पुढचा. पुस्तक संपेपर्यंत पुन्हा झिजेल ती लोकर!"

त्या दचकल्या. हातातला धागा तसाच राहिला.

"मग पुढचा कशाचा विणू?"

पिशव्या त्यांच्या शेजारीच होत्या. मी त्यातला एक हिरवा गुंडा काढला आणि त्यांच्या मांडीवर आदळला. त्यांनी तो दोन्ही हातांनी उचलला, त्याच्यावरचा कागदी पट्टा सरळ केला आणि जपून परत पिशवीत ठेवला.

"हा नको गं," त्या म्हणाल्या. "हा नवा आहे."