सौर वादळाची चौकशी करायला ठाण्याला

सकाळी नऊला डोंबिवलीहून निघालो. शेजारच्या कुलकर्णीबाई म्हणाल्या, ट्रेननं जा, लवकर पोचाल. मी बसनंच जाणार म्हटलं. ठाण्याचा रस्ता मला कोणी शिकवायचा नाही. चौथीत शाळा सोडून आगरात (मिठागरात) उतरलो, तो गुडघे जाईपर्यंत.

जायचं कारण सांगतो. माझा मुलगा अनंता बोटीवर नोकरीला. त्याच्या आईच्या वर्षश्राद्धाला आला नाही, म्हणून फोनवर मी त्याला नको ते बोललो. दुसऱ्या दिवशी त्याचा मेसेज आला की बाबा, सौर वादळ आहे, बोटीवरून फोन लागत नाही. त्याला चार महिने झाले, पुन्हा फोन नाही. अशात पेपरात वाचलं, ठाण्याच्या एका कॉलेजात सौर वादळावर भाषण आहे, प्रश्नही विचारता येतील. मला एकच विचारायचं होतं, हे वादळ राहतं किती दिवस?

शीळफाट्याला बस बदलायची होती. ती तासभर आलीच नाही. ट्रकांच्या धुळीत उभ्यानं उसळपाव खाल्ला. उसळीत मीठ कमी होतं. तसं सांगितलं तर मालक म्हणाला, "काका, बाकी सगळ्यांना बरोबर लागतं." आगरातल्या माणसाला हा मीठ शिकवणार. वरून मीठ मागितलं नाही, तशीच संपवली.

ठाण्यात रिक्षावाल्याला म्हटलं, सौरच्या कार्यक्रमाला सोड. त्यानं नेऊन सोडलं ते सोलरवर पाणी तापवायच्या टाक्या विकणाऱ्या दुकानात. दुकानदारानं खुर्ची दिली, गच्ची केवढी आहे विचारलं. मी म्हटलं, गच्ची सोसायटीची, मला वादळाचं बघायचंय. तो म्हणाला, कसलं वादळ? मग मी खिशातलं कात्रण पुढे केलं, त्यानं वाचून कॉलेज दाखवलं. चष्मा घरी राहिलेला, हे मी त्याला सांगितलं नाही.

आवारात दुर्बीण लावली होती, पुढे काळी काच. आयुष्यभर ज्याच्याखाली पाठ भाजली तो सूर्य त्यातून तांदळाच्या भाकरीएवढा दिसला. वर दोन डाग, भाकरी करपल्यासारखे. भाषण करणारी बाई तिशीतली. ती म्हणाली, हे वादळ वाऱ्याचं नव्हे. डागांपाशी स्फोट होतो, विजेचे कण सुटतात आणि एक-दोन दिवसांत पृथ्वीपाशी येतात. तिकडून निघालेलं दिसतं, पण आपल्याला किती जोरात लागेल ते जवळ येईस्तोवर नक्की सांगता येत नाही. वाटेवर उपग्रह ठेवलेत, ते फार तर तासभर आधी सांगतात. आम्हीही ढग बघून मीठ उचलायला धावायचो, ते तेवढंच आधी. बाई मला खरी वाटली.

प्रश्नांच्या वेळी मी उभा राहिलो. "बाई, या वादळानं बोटीवरचा फोन किती दिवस बंद राहतो?"

"काही तास, आजोबा. वादळ फारच मोठं असलं तर दोन-तीन दिवस. मग लागतो."

"चार महिने नाही?"

मागे कोणीतरी हसलं. बाई हसल्या नाहीत. "बोटीवर कोण आहे तुमचं?"

"आहे एक ओळखीचा," म्हटलं आणि खाली बसलो.

परतीच्या बसमध्ये खिडकी मिळाली. ऊन माझ्याच बाजूला होतं, पण सरकलो नाही. त्या दिवशी वादळ खरंच असेलही. पोर खोटं बोललं असं मी म्हणणार नाही. पण ते ओसरलं असेल, आणि पुढचे चार महिने काही सूर्याच्या माथी मारता येत नाहीत. पहिला फोन मी करणार नाही, असं मीही ठरवूनच बसलेलो.

दारात कुलकर्णीबाईंनी विचारलं, मिळालं का उत्तर? हो म्हटलं आणि दार लावून घेतलं. चपला काढायच्या आधी अनंताचा नंबर लावला. रिंग शेवटपर्यंत वाजली. लाइन एकदम स्वच्छ.

मी पुन्हा लावला.